गंगेचा शार्क आणि माझी सही

"दिल्लीत समुद्र कुठे आहे, साळवे मॅडम?" हा विनोद मी दिल्लीतल्या नोकरीची सगळी वर्षं ऐकला. आर. के. पुरमच्या गणेशोत्सवात ऐकला, कस्तुरबा गांधी मार्गावरच्या अतिथीगृहात जेवताना ऐकला, मुलीच्या शाळेतल्या पालकसभेत ऐकला. एका सद्गृहस्थांनी तर शार्क संसदेत शोधता का, असंही विचारलं आणि स्वतःच पोट धरून हसले. सुरुवातीला मीही हसायची. नंतर नुसती मान हलवायची. आता निवृत्त झाले आहे, आता मला सरळ राग येतो. तो लपवून ठेवायचं काही कारण उरलेलं नाही.

मी सागरी जीवशास्त्रज्ञ. शार्क हा माझा विषय. वडील नगरचे, केंद्र सरकारच्या नोकरीत, त्यामुळे मी वाढले आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टरमध्ये. समुद्र पहिल्यांदा पाहिला तो कॉलेजात असताना. नोकरीची पहिली पंधरा वर्षं मात्र किनाऱ्यावर गेली. पहाटे बंदरावर जायचं, होड्यांमधून उतरणाऱ्या मासळीत शार्क शोधायचे, फीत लावून लांबी मोजायची, नर की मादी ते पाहायचं, मादी कापली गेली तर पोटात किती पिल्लं होती ते लिहायचं. कोकणात ज्याला मुशी किंवा मोरी म्हणतात ते शार्कच. कोळणी मला "मुशीवाली बाई" म्हणत आणि बसायला उलटी टोपली देत.

या कामात एक गोष्ट मी शिकले, ती सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. लोकांना वाटतं, मासा म्हणजे ढीगभर अंडी, कितीही धरा, पुन्हा होतात. शार्कचं तसं नाही. तो वयात यायलाच कित्येक वर्षं घेतो. मादी बरेच महिने पिल्लं पोटात वागवते आणि बऱ्याच जातींमध्ये पिल्लं होतात मोजकीच. म्हणजे या बाबतीत शार्क इतर माशांपेक्षा आपल्याला जवळचा. एक मोठी मादी मेली की तिची जागा भरायला फार काळ लागतो. हे मी शेकडो वेळा सांगितलं असेल. लोक ऐकतात आणि विचारतात, "पण माणसाला खातो ना?"

नंतर माझी बदली दिल्लीला झाली. आमच्या संस्थेची प्रयोगशाळा फरीदाबादला. दोन्ही बाजूंना कारखाने, खिडकी उघडली की यंत्रांचा आवाज. इथे येणारा शार्क पोत्यातून येतो. त्याला डोकं नसतं, दात नसतात, धड नसतं. असतात फक्त पर, वाळवलेले. पर म्हणजे माशाचे पंख. माझ्या दिल्लीत वाढलेल्या मुलीला हा शब्द माहीत नव्हता. मी फोनवर "पर मिळाले" असं म्हटलं की ती विचारायची, "पर क्या, आई?"

परदेशात या परांचं सूप करतात, म्हणून त्यांना भाव आहे. ते बाहेर पाठवायला आपल्याकडे बंदी आहे, शार्क कुठलाही असो. शिवाय काही जाती वाघाच्या यादीत आहेत, म्हणजे त्यांना हात लावला तर वन्यजीव कायद्याखाली तुरुंग. साधा शार्क असेल तर व्यापारी दंड भरून सुटतो. यादीतला असेल तर सुटत नाही. हा फरक सांगणं हे माझं काम. सुकलेला, आक्रसलेला पर हातात घ्यायचा आणि तो कुणाचा ते सांगायचं. मला ते जमायचं, आणि चांगलं जमायचं. त्यात खोटा विनय दाखवण्यात अर्थ नाही.

या कामात तऱ्हेतऱ्हेची माणसं भेटली. गुडगावच्या एका बिल्डरला फार्महाऊसच्या काचेच्या टाकीत शार्क पाळायचा होता आणि तो कोणत्या जातीचा "शुभ" असतो ते मी सांगावं अशी त्याची अपेक्षा होती. एका वाहिनीला माझ्याकडून फक्त "खतरनाक" हा शब्द हवा होता. मी दिला नाही, तेव्हा त्यांनी तो माझ्या फोटोखाली लिहिला. पण हे सगळं विसरण्यासारखं आहे. एक प्रकरण विसरता येत नाही.

विमानतळावर मालाची तपासणी करणारे दहिया नावाचे एक अधिकारी होते. रोहतककडचे, बोलायला रांगडे आणि कामाला चोख. एका सकाळी त्यांचा फोन आला. कागदावर लिहिलंय, म्हशीच्या कातड्याचे तुकडे, पाळीव कुत्र्यांना चघळायला. पण पोत्याला वास माशाचा येतोय. मी गेले. पोत्यात वर खरंच कातड्याचे तुकडे होते. खाली हात घातल्यावर एक करडा, त्रिकोणी तुकडा लागला. त्यावरून अंगठा एका दिशेने फिरवला तर गुळगुळीत, उलट्या दिशेने फिरवला तर पॉलिश पेपरसारखा खरखरीत. शार्कच्या कातडीवर दातांसारखे बारीक कण असतात, सगळे शेपटीच्या दिशेने झुकलेले. म्हशीला कसाही हात फिरवा, ती अशी लागत नाही. दहियांनी स्वतःचा अंगठा फिरवून पाहिला आणि सगळी पोती उघडायला लावली.

बराचसा माल नेहमीच्या जातींचा होता. तळाशी मात्र एक जुडी निघाली, सुतळीने बांधलेली: पाठीवरचे दोन पर, छातीचे दोन आणि शेपटीचा खालचा भाग. एकाच माशाचे. सुतळीत पुठ्ठ्याची पट्टी खोचलेली होती आणि तिच्यावर बंगालीत एका घाटाचं नाव. गंगेच्या मुखाकडच्या एका नदीवरचा घाट.

मी ती जुडी उजेडात नेली आणि पुन्हा पुन्हा उलटसुलट करून पाहिली. पाठीवरचा मागचा, दुसरा पर नेहमीपेक्षा बराच मोठा होता, पुढच्याच्या जवळजवळ निम्मा. नदीत शिरणारा आणखी एक शार्क आहे, बुल शार्क, पण त्याचा दुसरा पर पहिल्याच्या मानाने फारच लहान असतो. हा मला वाटला गंगेचा शार्क. पुस्तकात ज्याचं चार ओळींचं वर्णन आहे, संग्रहालयात ज्याचे जुने जबडे आहेत, आणि जो आता उरला आहे की नाही यावर माणसं परिषदांमध्ये भांडतात, तो. मी आयुष्यभर शार्कवर काम केलं आणि हा मला भेटला तो दिल्लीत, कुत्र्याच्या खाऊखाली.

पण डोळ्यांना वाटणं पुरेसं नसतं. आमच्याकडे मीनल जाधव जनुकीय तपासणी करायची. साताऱ्याकडच्या हवालदाराची मुलगी, अर्धं बालपण लष्करी छावण्यांमध्ये गेलेलं, मराठीत हिंदी आणि हिंदीत मराठी बोलणारी. तिने त्या पराचा कण घेऊन तपासणी केली. निकाल आला तेव्हा तिने मला काही न सांगता सगळी तपासणी पहिल्यापासून पुन्हा केली. मग माझ्या टेबलापाशी येऊन म्हणाली, "मॅडम, बिल्कुल तोच आहे. दोन्ही वेळा तोच."

मी दहियांना फोन करून पक्कं आहे म्हणून सांगितलं आणि अहवाल लिहिला. निश्चित ओळख: गंगेचा शार्क. घाटाच्या नावाची नोंद केली. अहवाल मंजुरीसाठी वर गेला आणि दुसऱ्या दिवशी साहेबांनी मला बोलावलं.

आमचे साहेब नागपूरचे. त्यांना वाईट माणूस म्हणणं मला अजूनही जमत नाही आणि त्याचाच जास्त राग येतो. माझे यजमान इस्पितळात होते तेव्हा या माणसाने रोज संध्याकाळी डबा पाठवला होता. त्यांनी मला बसायला सांगितलं, चहा मागवला आणि अहवाल माझ्यासमोर ठेवला. "निश्चित" या शब्दाभोवती पेन्सिलीने गोल केला होता.

त्यांनी मग शांतपणे समजावलं. त्याच नदीच्या तोंडाशी एका बंदराचं काम व्हायचं होतं. त्यासाठी पाहणी करून आपल्याच संस्थेने कळवलं होतं की गंगेचा शार्क त्या भागात आता आढळत नाही. पाहणी कशी झाली होती ते मला माहीत होतं. भर उन्हाळ्यात चार दिवस, एका लाँचवरून. आता आपणच म्हणायचं की तो तिथे आहे, तर आपलं तोंड कुठे राहील, असं ते म्हणाले.

"साळवे, मी तुम्हाला खोटं लिहायला सांगत नाही," ते म्हणाले. "फक्त 'सदृश' लिहा. गंगेच्या शार्कशी सदृश. कोर्टात साक्ष द्यायला तुम्हीच जाणार आहात. तिथे तोंडाने पक्कं सांगा. मी थोडाच अडवणार आहे?"

मी त्यांच्याकडे पाहिलं, पेन्सिलीच्या गोलाकडे पाहिलं. मला तो डबा आठवला. कोर्टात सांगता येईल, असं मी स्वतःला सांगितलं. आणि मी शब्द बदलला, सही केली.

मीनलला ते नवीन प्रत टाइप झाल्यावर कळलं. ती आली, कागद वाचला आणि विचारलं, "माझी तपासणी चुकली होती का?" मी म्हटलं, नाही. "मग?" मी तिला साहेबांचं कारण सांगायला लागले. तिने शेवटपर्यंत ऐकूनही घेतलं नाही. त्यानंतर माझ्या निवृत्तीपर्यंत ती माझ्याशी कामापुरतं बोलली. रोज नमस्कार करायची, डबा मात्र दुसऱ्या टेबलावर जाऊन खायची.

खटला उभा राहायला काही वर्षं गेली. कोर्टात व्यापाऱ्याचे वकील मोठे अदबशीर. त्यांनी मला माझं शिक्षण विचारलं, अनुभव विचारला, दोन्हींचं कौतुक केलं. मग अहवाल माझ्या हातात दिला आणि सदृश म्हणजे तोच की त्याच्यासारखा, एवढंच विचारलं. मी सांगितलं की तपासणी निश्चित आहे, ती दोनदा केली आहे. त्यांनी विचारलं, अहवालात "निश्चित" हा शब्द कुठे आहे तेवढं दाखवा. तो नव्हता. सही कुणाची? माझी. कुणी जबरदस्ती केली होती का? तिथे सगळं सांगता आलं असतं. साहेब तेव्हा निवृत्तीला टेकलेले होते, बायको आजारी होती. मी म्हटलं, "नाही."

वन्यजीव कायद्याची कलमं गळाली. राहिला तो निर्यातबंदीचा गुन्हा. व्यापाऱ्याने दंड भरला आणि त्याच आठवड्यात, दहियांच्या म्हणण्याप्रमाणे, दुसऱ्या नावाने माल पाठवायला लागला. जप्त माल नष्ट करण्याचा हुकूम निघाला. नष्ट करताना साक्षीदार म्हणून दहियांबरोबर मला हजर राहावं लागलं. फरीदाबादबाहेरच्या एका भट्टीत पोती गेली, त्यात ती जुडीही गेली. केस जळल्यासारखा वास येत होता. तो नमुना एखाद्या संग्रहालयाला द्यावा म्हणून मी दोन पत्रं लिहिली होती. दुसऱ्याचं उत्तर माल जळून गेल्यावर आलं, त्यात प्रस्ताव विचाराधीन असल्याचं कळवलं होतं.

दहिया भट्टीकडे बघत उभे होते. मग एवढंच म्हणाले, "मैडम जी, उस दिन तो आपने कहा था, पक्का है।"

मी मेट्रोने घरी आले आणि मुलीवर उगाच खेकसले. हा राग असा इकडेतिकडे सांडत राहिला. साहेबांवर यायचा, वकिलावर यायचा, त्या चार दिवसांच्या लाँचवर यायचा. खरा जिथे यायला हवा तिथे यायला त्याला वेळ लागला.

मी निवृत्त झाले. निरोप समारंभात शाल मिळाली, शार्कचं चित्र असलेला केक कापला. मग एक दिवस मीनलचा मेसेज आला. नमस्कार नाही, शब्द नाही, नुसती एक फाईल. बंदराचं काम बरीच वर्षं रखडलं होतं, आता त्याचा विस्तार करून परवानगीसाठी पुन्हा पाठवलं होतं. त्याला जोडलेल्या कागदांमध्ये माझा अहवाल होता. कंपनीच्या सल्लागारांनी लिहिलं होतं की या भागातून आलेल्या एकमेव नमुन्याचीही निश्चित ओळख पटलेली नाही, पाहा डॉ. साळवे यांचा अहवाल. म्हणजे जो कागद त्या शार्कला वाचवू शकला असता, तोच आता तो तिथे नसल्याचा पुरावा झाला होता. खाली माझी सही, नेहमीप्रमाणे सुवाच्य.

त्या दिवशी राग बरोबर जागी आला.

परवानगी द्यायची की नाही ते ठरवणाऱ्या समितीची बैठक दिल्लीतच होती. हरकत नोंदवायला मी अर्ज केला, मला बोलायला थोडा वेळ मिळाला. टेबलाच्या शेवटच्या टोकाला त्या घाटावरच्या मच्छीमारांचे प्रतिनिधी बसले होते, हालदार म्हणून. साठीचे असतील. दोन दिवस रेल्वेत बसून आले होते आणि त्यांनाही तेवढाच वेळ दिला होता. ते मोडक्या हिंदीत म्हणाले की नदीत मोठा शार्क अजून येतो, दरवर्षी नाही, पण येतो. सल्लागारांनी नम्रपणे सांगितलं की मच्छीमार बुल शार्कलाच तो समजतात, आणि तज्ज्ञांचं मत कागदपत्रांत आहे. मग त्यांनी माझ्या सहीचं पान वर केलं.

माझी पाळी आली. मी म्हटलं, "ही सही माझी आहे. 'सदृश' हा शब्दही मीच लिहिला. तो खोटा आहे. तपासणी दोनदा झाली आणि दोन्ही वेळा तो गंगेचा शार्क निघाला. मला शब्द बदलायला सांगितलं गेलं आणि मी बदलला."

अध्यक्षांनी विचारलं, हे तेव्हा का सांगितलं नाही. मी सांगितलं की सांगायला हवं होतं. शेजारी बसलेल्या एका अधिकाऱ्याने, हे इतिवृत्तात नेमकं कसं घ्यायचं, असं हळूच विचारलं. मी त्याला वाक्य पुन्हा सांगितलं, सावकाश, लिहून होईपर्यंत.

बाहेर आल्यावर हालदार माझ्याजवळ आले. मला वाटलं, आभार मानतील. त्यांनी विचारलं, "दीदी, तब क्यों नहीं लिखा?" समितीचाच प्रश्न, पण समितीने विचारला तेव्हा मान ताठ ठेवता आली होती. मी त्यांना डब्यासकट सगळं सांगितलं. त्यांनी ऐकलं. माफ केलं असं ते म्हणाले नाहीत आणि मीही मागितलं नाही.

मग त्यांनी खिशातून मोबाईल काढला. गेल्या थंडीतला फोटो होता. होडीच्या कडेला जाळं, जाळ्यात पाण्यातच धरून ठेवलेला एक लहान शार्क. बोथट तोंड, बारीक डोळे, आणि पाठीवरचा दुसरा पर मोठा. बाळ होतं. म्हणजे कुठेतरी आई होती. त्यांनी जाळं कापून त्याला सोडून दिलं होतं, आणि फोटो कुणाला दाखवला नव्हता, कारण दाखवला की पर घेणारे घाटावर येतात. मी फूटपाथवर उभी राहून त्या फोटोकडे किती वेळ बघत होते कोण जाणे. जिवंत गंगेचा शार्क मी आयुष्यात पहिल्यांदा पाहत होते. मला रडू आलं नाही. मी तो फोटो मागितला; घाटाचं नाव फुटू देणार नाही असं कबूल केल्यावर त्यांनी दिला.

तो फोटो आणि माझं प्रतिज्ञापत्र मी बंद पाकिटात समितीला दिलं. घाटाचं नाव बाहेर फुटू नये अशी विनंती केली. इथेही मी ते लिहिलेलं नाही. काही महिन्यांनी निर्णय आला. परवानगी तूर्त थांबवली, पाहणी नव्याने करायची. पाहणी करणार कोण, तर आमचीच संस्था. आणि शार्कच्या पाहणीची जबाबदारी मीनल जाधव यांच्याकडे.

मी दोन दिवस फोन हातात घेऊन ठेवत होते. तिसऱ्या दिवशी लावला. तिने उचलला. काय बोलायचं ते मी ठरवून ठेवलं होतं: चार दिवसांत उरकू नकोस, हिवाळ्यात जा, हालदारांना बरोबर घे. त्यातलं काहीच नीट जमलं नाही. मी एवढंच म्हणाले, "मीनल, मी तेव्हा चुकले. तुझी तपासणी बरोबर होती."

तिच्या मागे कारखान्याचा आवाज तेवढा येत होता.

"मॅडम," ती म्हणाली, "आत्ताच नवे साहेब येऊन गेले. म्हणाले, अहवालाचा मसुदा आधीच करून ठेवू, म्हणजे वेळ वाचेल."

मी विचारलं, "मग तू काय म्हणालीस?"

"म्हटलं, मी आधी नदीवर जाते. लिहायचं ते आल्यावर लिहीन."